कल्हईतले पन्नास प्रोटॉन

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या विज्ञान पुरवणीत अणूवर लेख आला की सोबतच्या चित्रात अणुकेंद्रक हमखास लाल-निळ्या गोट्यांच्या, म्हणजे प्रोटॉन-न्यूट्रॉनच्या, ढिगासारखे असते. तीस वर्षे बारावीला भौतिकशास्त्र शिकवताना मीही फळ्यावर तोच ढीग काढत होते. एकदा एका मुलीने विचारले, "बाई, ढीगच आहे तर एक गोटी कमी काय नि जास्त काय?"

दुसऱ्या दिवशी मी घरचे कल्हई केलेले पितळी पातेले वर्गात नेले. कल्हई म्हणजे कथील. कथिलाची स्थिर समस्थानिके (प्रोटॉन तेवढेच, न्यूट्रॉन कमी-जास्त अशी न विघटणारी रूपे) दहा. इतकी दुसऱ्या कुठल्याच मूलद्रव्याला नाहीत. शेजारच्या अँटिमनीला दोनच! कथिलाच्या केंद्रकात 50 प्रोटॉन असतात आणि पन्नासला एक कवच, म्हणजे ऊर्जेच्या पातळ्यांचा एक गट, पुरते भरते. प्रोटॉन किंवा न्यूट्रॉन यांच्या 2, 8, 20, 28, 50, 82, 126 या संख्यांपाशी केंद्रक अधिक घट्ट बांधलेले असते. किरणोत्सारी थोरियम टप्प्याटप्प्याने विघटत ज्या शिसे-208 पाशी थांबते, त्यात 82 प्रोटॉन आणि 126 न्यूट्रॉन आहेत.

यांतल्या पहिल्या तीन संख्या साध्या गणितातून निघत, पुढच्या काही केल्या निघत नव्हत्या. शिकागो विद्यापीठात भौतिकशास्त्रज्ञ मारिया गेपर्ट-मायर त्यावर झटत होत्या. एन्रिको फर्मींनी जाता जाता विचारले, स्पिन (कणाची जणू स्वतःभोवतीची गिरकी) आणि कक्षेतली गती यांचा एकमेकींवर परिणाम होत असल्याची काही खूण दिसते का? तिथेच कोडे सुटले. त्या स्वतः वॉल्ट्झ नाचणाऱ्या जोड्यांचा दाखला देत; मी मंगळागौरीचा देते. फेर धरून फिरता फिरता प्रत्येकीने स्वतःभोवती गिरकीही घ्यायची. फेराच्या दिशेने गिरकी घेणारीला कमी ऊर्जा लागते, उलट घेणारीला जास्त. केंद्रकात हा फरक एवढा मोठा असतो की ऊर्जेच्या पातळ्या दुभंगतात आणि मोठी फट नेमकी 28, 50, 82, 126 नंतर पडते. हे 1949 साली प्रसिद्ध झाले. जर्मनीत हान्स येन्झेन आणि त्यांचे सहकारीही स्वतंत्रपणे तिथेच पोचले होते.

पती त्याच विद्यापीठात, म्हणून गेपर्ट-मायर तिथे बिनपगारी प्राध्यापक होत्या. 1963 मध्ये त्यांना नोबेल मिळाले. भौतिकशास्त्रात मेरी क्युरींनंतर 60 वर्षांनी एका स्त्रीला! आमच्या मुलींना क्युरी तोंडपाठ, ही बाई मात्र ऐकूनही माहीत नसते, याचे मला फार वाईट वाटते.

पुढच्या लेखात गोट्यांऐवजी कवचांच्या पायऱ्यांची आकृती छापावी आणि शेजारी त्या सात संख्या द्याव्यात, ही कळकळीची विनंती.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, सातारा