डेमोत काय बघायचं, तेही छापा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत अ‍ॅक्शन गेमच्या डेमोंवर, म्हणजे विकत घेण्याआधी खेळून बघायच्या मोफत तुकड्यांवर, लेख आला, हे बरं झालं. एरवी मराठी वर्तमानपत्रात गेम म्हटलं की मुलांच्या डोळ्यांची काळजी नाहीतर ऑनलाइन जुगार, एवढंच वाचायला मिळतं. पण लेखात ‘स्टेलर ब्लेड’च्या डेमोबद्दल सुंदर चित्रण, थरारक लढाया, त्या लांबतात ही तक्रार आणि त्रुटी कंपनी दुरुस्त करेलच हा भरवसा, यापलीकडे फारसं काही नव्हतं. एवढं तर ट्रेलर बघूनही लिहिता येतं. कंट्रोलर हातात घेतल्याशिवाय कळत नाही ते सांगायला हवं होतं, कारण चार-पाच हजारांचा गेम घ्यायचा की नाही हे त्यावरच ठरतं.

सोलच्या ‘शिफ्ट अप’ कंपनीचा हा गेम. प्लेस्टेशन 5 वर डेमो 29 मार्च 2024 ला आला आणि पूर्ण गेम 26 एप्रिलला. डेमोत सुरुवातीचा टप्पा पहिल्या मोठ्या बॉसपर्यंत (टप्प्याच्या शेवटच्या बलाढ्य शत्रूपर्यंत) खेळता येतो आणि तिथली साठवलेली प्रगती पूर्ण गेममध्ये पुढे चालते. तो टप्पा संपला की नंतरच्या एका बॉसशी स्वतंत्र लढत खुली होते. लेखात तिचा उल्लेखच नाही, आणि माझ्या मते डेमोचा खरा ऐवज तीच आहे. सुरुवातीला नायिका ईव्हकडे चाली मोजक्या असतात, शत्रूही सबुरीने घेतात. गेमची लढाई पुढे कशी होणार आहे, हे त्या दुसऱ्या बॉससमोरच दिसतं.

या लढाईचा सगळा डोलारा पॅरीवर, म्हणजे आलेला वार ऐन वेळी तलवारीने परतवण्यावर, उभा आहे. कंट्रोलरवरचं एल1 बटण दाबून धरलं तर नुसता बचाव होतो. वार अंगावर येण्याच्या बेतात असताना दाबलं तर अचूक पॅरी होते. अशा प्रत्येक पॅरीने पडद्यावर बॉसचा तोल दाखवणारा एक ठिपका विझतो, सगळे ठिपके विझले की तो कोलमडतो आणि मोठा वार करायची संधी मिळते. शिवाय पॅरीतून बीटा नावाची ऊर्जा भरते आणि खास चाली तिच्यावरच चालतात. म्हणून जो खेळाडू सारखा डॉज करत (वार चुकवत) मागे पळतो, त्याला बॉस मारता मरत नाही असंच वाटणार. ‘लढाया लांबतात’ ही लेखातली तक्रार बहुधा इथूनच आली असावी.

पॅरी चुकते तेव्हा बहुतेक जण बटण उशिरा दाबत असतात. तलवार आडवी यायला क्षणभर जातो, त्यामुळे वार लागताना दिसला की दाबायचं असं धरून चालत नाही. वार सुटला की दाबायचं. ‘सेकिरो’ हा तलवारबाजीचा गेम खेळून आलेल्यांना हे जड जातं, कारण तिथे बटण दाबताक्षणी तलवार आडवी असते. डेमो आला तेव्हा बटण दाबल्यावर पात्र उशिरा हलतं अशी बरीच ओरड झाली. तिच्यातला काही भाग या सवयीचा होता. राहिलेला उशीर मात्र घरातल्या टीव्हीमुळे असू शकतो, आणि तो आधी काढून टाकला पाहिजे.

टीव्हीच्या सेटिंगमध्ये गेम मोड चालू आहे का बघा. तो बंद असला की टीव्ही चित्र गुळगुळीत करत बसतो आणि त्यात शंभर मिलिसेकंदांच्या आसपास सहज जातात. सेकंदाला 60 फ्रेम (चित्रं) धरल्या तर एक फ्रेम 16.7 मिलिसेकंदांची, म्हणजे सहा फ्रेम टीव्हीतच गेल्या. एवढ्या उशिरावर पॅरीचा अंदाज बसत नाही. नंतर गेममधला चित्राचा मोड बघा. रेझोल्यूशन मोडमध्ये चित्र रेखीव येतं, पण सेकंदाला 30 फ्रेममध्ये. एकेक फ्रेम 33.3 मिलिसेकंदांची होते आणि हाताला जडपणा जाणवतो. लढाई तपासायची तर परफॉर्मन्स मोडच लावावा. ब्लूटूथ हेडफोनवर आवाज मागाहून येतो. कानाने वेळ साधणाऱ्यांनी तेवढ्यापुरता वायरचा हेडफोन लावावा किंवा टीव्हीचाच आवाज ठेवावा.

एवढं झालं की कुठल्याही अ‍ॅक्शन गेमच्या डेमोत दहा मिनिटं एकाच साध्या शत्रूपाशी घालवावीत, गोष्ट पुढे न नेता. मोठा वार सुरू करा आणि मध्येच डॉज दाबा. वार तिथेच मोडून पात्र बाजूला होतं, की वार पुरा झाल्यावरच हलतं? दुसरा प्रकार म्हणजे दोष असं नाही. ‘मॉन्स्टर हंटर’ची अवजड शस्त्रं मुद्दाम तशीच आहेत. पण गेम कोणत्या जातीचा आहे, हे त्यावरून कळतं. मग डॉज चालू असतानाच वाराचं बटण दाबून बघा. गेमने ते लक्षात ठेवलं आणि डॉज संपताच वार केला तर ठीक. पण तीनदा दाबलेलं लक्षात ठेवून नको असताना तीन वार केले, तर पुढे बॉससमोर हेच नडणार.

कॅमेऱ्याची परीक्षा भिंतीपाशी. पाठ भिंतीला टेकवून एका शत्रूवर लॉक-ऑन करा (कॅमेरा त्याच्यावर खिळवा) आणि दोघा-तिघांना जवळ येऊ द्या. कॅमेरा पात्राच्या डोक्यात शिरतो का? चित्राबाहेरचा शत्रू वार करण्याआधी आवाजाने किंवा खुणेने सावध करतो का? ट्रेलरमध्ये कॅमेरा नेहमी मोकळ्या मैदानात असतो, त्यामुळे ही खोड तिथे कधीच दिसत नाही.

पीसीवर खेळणाऱ्यांसाठी लेखात एक ओळही नव्हती. चित्र अडखळतं तेव्हा ग्राफिक्स कमी करत बसण्याआधी त्याच वाटेने दुसऱ्यांदा जाऊन बघावं. पहिल्या वेळी अडखळलं आणि दुसऱ्यांदा सुरळीत गेलं, तर ते शेडर (चित्र रंगवणारे छोटे प्रोग्राम) तयार होण्याचं अडखळणं, ते एकदाच होतं. दर वेळी त्याच दारापाशी अडखळत असेल तर पुढचा भाग डिस्कवरून आणताना गेम अडतो आहे, आणि सेटिंग उतरवून त्यात फारसा फरक पडत नाही. फ्रेम जनरेशन (मधल्या फ्रेम मशीननेच रचण्याची सोय) लावून 60 च्या 120 दिसल्या तरी हाताला प्रतिसाद 60 चाच मिळतो, उलट किंचित उशिराच. लॅपटॉप असेल तर चार्जर लावून सलग वीस-पंचवीस मिनिटं खेळावं. पहिल्या पाच मिनिटांतला फ्रेमचा आकडा थंड मशीनचा असतो, मशीन तापलं की तो उतरू शकतो.

आता लेखातल्या ‘डेमोतल्या त्रुटी कंपनी दुरुस्त करेलच’ या वाक्याविषयी. त्यासाठी डेमो आणि विक्री यांच्यातलं अंतर बघावं लागतं. ‘निओ’ या गेमचा अल्फा (अगदी सुरुवातीचा) डेमो एप्रिल 2016 च्या अखेरीस आला. त्यात शस्त्रं वापरून झिजत आणि तुटत. खेळाडूंनी नाराजी कळवली आणि ऑगस्टमधल्या बीटा (पुढच्या टप्प्याच्या) डेमोत झीज काढून टाकलेली होती. गेम विक्रीला आला फेब्रुवारी 2017 मध्ये, म्हणजे हाताशी वेळ होता. याउलट ‘फायनल फँटसी 16’चा डेमो 12 जून 2023 ला आणि गेम 22 जूनला. कॅमेरा वळवला की चित्र फार फरफटतं ही तक्रार डेमोपासूनच होती, पण ते कमी करण्याची सोय जुलैच्या अपडेटमध्ये मिळाली. दहा दिवसांच्या डेमोत जे खटकतं ते विकत घेताना असणारच, असं धरून चालावं. ‘स्टेलर ब्लेड’चा चार आठवड्यांचा अवधीही फार तर किरकोळ डागडुजीपुरता. लढाईचा मूळ ताल त्यात बदलत नसतो.

परताव्याचं गणितही पीसी आणि प्लेस्टेशनवर वेगळं आहे. पीसी गेमच्या स्टीम या ऑनलाइन दुकानातून विकत घेतलेला गेम चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांहून कमी खेळला असेल तर पैसे परत मिळतात, म्हणजे डेमो नसला तरी पहिले दोन तास हीच चाचणी. प्लेस्टेशनवर मात्र एकदा डाउनलोड सुरू केलं की, गेममध्येच दोष असल्याखेरीज, परतावा मिळत नाही. त्यामुळे तिथे डेमो न खेळता आगाऊ नोंदणी करणं मला तरी पटत नाही.

यापुढे अशा लेखाबरोबर एक छोटी चौकट द्यावी, ही विनंती: डेमो कोणत्या मशीनवर खेळला, चित्राचा मोड कोणता होता, कंट्रोलर की कीबोर्ड, काठिण्य कोणतं, आणि मदतीची सोय चालू होती का. ‘स्टेलर ब्लेड’च्या स्टोरी या सोप्या मोडमध्ये वार येताच वेळ मंदावून कोणतं बटण दाबायचं ते दाखवायची सोय आहे. ती लावून खेळलेल्याने ‘पॅरी सोपी आहे’ लिहिलं, तर नॉर्मल काठिण्यावर खेळणाऱ्या वाचकाच्या ते काहीच कामाचं नाही.

आपला,
एक नियमित वाचक, ठाणे