सहा प्रश्नचिन्हं

पुणे,
२८ जुलै

प्रिय विश्वास,
सप्रेम नमस्कार.

गेम चालू झाला. आणि दोष तुझा निघाला. पुढचं वाचायचं तर वाच, नाहीतर सरळ ताजा कलम गाठ, तुझ्या कामाचं तेवढंच आहे.

हे फोनवर सांगितलं असतं, पण तू मध्येच हसायला लागतोस आणि माझा मूळ मुद्दा राहून जातो. शिवाय तीन दिवस पावसाने हलू दिलेलं नाही. खडकवासल्यातून पाणी सोडलंय, भिडे पूल पाण्याखाली आहे, आणि नदीकाठी लोक छत्र्या घेऊन पूर बघायला उभे आहेत, आपण उभे राहायचो तसेच. मी घरात. म्हटलं लिहूनच काढावं.

जूनमध्ये तू सहज विचारलंस, "आपला तो किल्लेवाला गेम अजून चालतो का रे?" त्या एका वाक्याने माझे बावीस दिवस खाल्ले. आधी माळ्यावरून सीडी काढली. कव्हरवर तुझ्या अक्षरात "हात लावू नये" लिहिलेलं जसंच्या तसं आहे. नव्या कॅबिनेटला सीडी ड्राइव्हच नाही, म्हणून शेजारच्यांकडून यूएसबीचा आणला. इन्स्टॉल छान झालं. आयकॉनवर डबल क्लिक केलं, काहीच नाही. भाचा आला होता, तो म्हणाला, "मामा, ही सीडी आता कावळे हाकलायला गॅलरीत टांग." सीडीची नक्कल होऊ नये म्हणून त्या काळी एक कुलूप असायचं, ते विंडोजच्या अगदी आतल्या एका ड्रायव्हरवर, म्हणजे छोट्या प्रोग्रॅमवर, चालायचं. तो ड्रायव्हर सुरक्षेला धोका म्हणून विंडोज १० पासून काढूनच टाकलाय. म्हणजे किल्ली आपल्या हातात, पण दाराला कुलूपच उरलेलं नाही आणि म्हणून दार उघडत नाही! असो. मग सेलमध्ये तोच गेम ऑनलाइन घेतला, कुलूप काढलेला. म्हटलं, झालं.

कसलं झालं. क्लिक केलं की कर्सरभोवती निळं कडं फिरायचं, दोन सेकंद. स्क्रीन क्षणभर काळी व्हायची, इतका थोडा वेळ की डोळ्याची पापणी लवली तर चुकावी. मग परत डेस्कटॉप. ना एरर, ना खिडकी, ना आवाज. टास्क मॅनेजर उघडा ठेवून पाहिलं तर यादीत गेमचं नाव यायचं आणि विरून जायचं. दारावरची बेल वाजवून पळणारी पोरं असतात ना, तसं. लेका, एरर आली असती तर परवडली असती. गुपचूप बंद पडणाऱ्या गोष्टीशी भांडायचं कसं?

पुढे मी जे केलं त्याला शहाणपण म्हणत नाहीत. ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवला. कम्पॅटिबिलिटीत एक्सपी निवडलं. ग्राफिक्सचा ड्रायव्हर पुसून नवा टाकला. डायरेक्टएक्स, म्हणजे गेमची चित्रं आणि आवाज चालवणारी विंडोजची यंत्रणा, तिचं २०१० सालचं जुनं रनटाइम उतरवलं. ते खरोखर लागतं बरं का, कारण नव्या विंडोजबरोबर डायरेक्टएक्स ९ च्या सगळ्या डीएलएल, म्हणजे गेमला लागणाऱ्या तयार फाइल्स, येत नाहीत. व्हिज्युअल सी प्लस प्लसची पॅकेजेस टाकली, तीही ३२ बिटांची, कारण गेम ३२ बिटांचा. अँटीव्हायरसने एखादी फाइल गिळली का ते पाहिलं. फाइल्स व्हेरिफाय केल्या, शंभर टक्के ठीक. सी ड्राइव्हवरून काढून डी ड्राइव्हवर टाकला. दुसरा मॉनिटर उपटला. आणि मूर्खपणा असा की हे सगळं एकावर एक, काहीही न नोंदवता. तिसऱ्या दिवशी मलाच कळेना की यातलं काय बदललंय आणि काय मुळात तसंच होतं. वैद्य, डॉक्टर, भगत असे तिघे एकाच दिवशी केल्यासारखं.

मग मशीन उचलून तापकीर गल्लीत. आता तिथे स्कूटर लावायला जागा मिळणं हाच एक गेम आहे. दुकानातल्या पोराने दहा मिनिटं पाहिलं आणि निकाल दिला, "फॉरमॅट मारा काका." काका! मी म्हटलं विचार करतो. आज वाटतं, केवढा वाचलो. फॉरमॅट मारलं असतं तरी मी परत तेच केलं असतं आणि परत तिथेच आलो असतो. का, ते पुढे येतंच आहे.

त्याच आठवड्यात भाच्याने त्याच्या लॅपटॉपवर तोच गेम टाकला. पहिल्या क्लिकला चालू. ते रणशिंग, तो तट, तो लाकडं तोडणारा माणूस, सगळं. माझ्या मशीनच्या निम्म्याही ताकदीचा नसलेला तो लॅपटॉप! त्यावरून मी कोणता निष्कर्ष काढावा? की माझं ग्राफिक्स कार्ड बिघडलंय. नवं घ्यायला निघालोच होतो. हिने विचारलं, "बाकी सगळं चालतंय ना त्या कार्डावर?" मी म्हटलं, हो. "मग?" त्या "मग"ला माझ्याकडे उत्तर नव्हतं. हिला कॉम्प्युटरमधलं काही कळत नाही असं मी वीस वर्षं समजत आलोय.

मग मात्र शांत बसलो. म्हटलं, उपाय पुरे, आधी विचारू तरी की बाबा तुला होतंय काय. विंडोजमध्ये इव्हेंट व्ह्यूअर असतो, घरातल्या मोलकरणीसारखा: सगळं बघतो, कुणी विचारल्याशिवाय बोलत नाही. तिथे ॲप्लिकेशनच्या नोंदींत लाल खुणेची, १००० क्रमांकाची ओळ होती. गेमच्या प्रत्येक मरणाची एक, अशा एकेचाळीस. प्रत्येकीत एकच कोड, सी आणि शून्यांची रांग आणि शेवटी पाच. याचा अर्थ प्रोग्रॅमने नसलेल्या जागी हात घातला. आणि पडलेलं मॉड्यूल म्हणून नाव होतं खुद्द गेमचंच. ड्रायव्हरचं नाही, डायरेक्टएक्सचं नाही. म्हणजे पहिले दोन आठवडे मी निरपराध लोकांना चोपत होतो.

नसलेली जागा कुठली, हे शोधायला प्रोसेस मॉनिटर घेतला. फुकट आहे, मायक्रोसॉफ्टच्याच साइटवर मिळतो. कुठला प्रोग्रॅम कुठली फाइल मागतो आणि त्याला काय उत्तर मिळतं, ते ओळीने दाखवतो. चालू केला तर सेकंदाला हजारोंनी ओळी धावायला लागल्या. फिल्टर लावला: फक्त या गेमच्या ओळी. तरी काही हजार. मग "सक्सेस" असलेल्या सगळ्या वगळल्या आणि खालून वर वाचत गेलो, मरणाकडून मागे. फाइल सापडली नाही, सापडली नाही, अशा पुष्कळ. त्या नेहमीच्याच असतात, प्रोग्रॅम चार ठिकाणी शोधतो आणि पाचव्या ठिकाणी सापडते. आणि मग एक ओळ वेगळी. निकाल: "नेम इनव्हॅलिड". नावच अवैध. तिचा रस्ता वाचला. सी ड्राइव्ह, मग यूजर्स, मग सहा प्रश्नचिन्हं, मग डॉक्युमेंट्स.

सहा प्रश्नचिन्हं. मी चहा घेऊन आलो आणि परत बघत बसलो. तिथे काय असायला हवं होतं? माझं नाव. श्रीधर.

आता आठव. २०२४ च्या ऑक्टोबरात मराठीला अभिजात दर्जा मिळाला त्या रात्री फोनवर तुझं भाषण झालं होतं. "आपण काय केलं मराठीसाठी? निदान स्वतःच्या कॉम्प्युटरवर तरी स्वतःचं नाव स्वतःच्या लिपीत टाका!" त्यानंतर महिन्याभरात मी हे मशीन जोडून घेतलं. विंडोज टाकताना दुकानदाराने विचारलं, युजरनेम काय? मी बाणेदारपणे मराठी कीबोर्ड जोडायला लावला आणि स्वतःच्या हाताने टाइप केलं, श्रीधर. विंडोजने काही कुरकुर केली नाही, त्या नावाचं फोल्डर बनवलं, ब्राउझर चालतो, ऑफिस चालतं, भाच्याचे नवे गेमही चालतात. पण आपला गेम त्या जमान्यातला. भाच्याचं खातं रोमन लिपीतलं, म्हणून तिथे चाललं. फॉरमॅट मारून मी परत बाणेदारपणा केला असता, म्हणून तेही फुकट गेलं असतं.

भानगड अशी आहे. विंडोजमध्ये एकाच कामाला दोन खिडक्या आहेत. एक युनिकोडची, जगातली सगळी अक्षरं घेणारी. दुसरी जुनी, जिथे एका वेळी २५६ खुणांचा एकच तक्ता चालतो, त्याला कोडपेज म्हणतात. पश्चिम युरोपला १२५२, रशियनला १२५१, थाईलाही स्वतःचं ८७४. देवनागरीला असं कोडपेज त्या खिडकीत कधी दिलंच नाही. हिंदी-मराठी विंडोजमध्ये आली २००० साली, तीच मुळी युनिकोडमधून. आपल्या गेमचे लेखक जुन्याच खिडकीवर जातात आणि विचारतात, या माणसाचं डॉक्युमेंट्स कुठे? खिडकीवरच्या कारकुनाला "श्रीधर" वाचता येत नाही. तो नाही म्हणत नाही, प्रत्येक खुणेच्या जागी प्रश्नचिन्ह टाकून कागद परत देतो. आणि विंडोजमध्ये फाइलच्या नावात प्रश्नचिन्ह चालतच नाही! गेमला सेटिंगची फाइल लिहायला जागा मिळत नाही, तरी मिळाली असं धरून तो पुढे पाऊल टाकतो, आणि धपकन. एखाद्या रशियन माणसाने आपल्या लिपीत नाव टाकलं असतं तर त्याच्या कोडपेजवर तोच गेम चालला असता. मला जरा रागच आला, खरं सांगतो.

पण तीन अक्षरांच्या नावाला सहा प्रश्नचिन्हं का? हे तुला आवडेल. श, हलन्त, र, वेलांटी, ध, र. आपण "श्री" एका झटक्यात लिहितो, कॉम्प्युटर ते चार तुकड्यांत ठेवतो. तुला आठवेल, अप्पा बळवंत चौकाजवळ तू डीटीपी करायचास तेव्हा उलटं होतं. स्क्रीनवर शुद्ध मराठी लग्नपत्रिका आणि फाइलच्या पोटात इंग्रजी अक्षरांचा कचरा. दुसऱ्या मशीनवर फॉन्ट नसला की वधूपित्याच्या नावाचे आकडे आणि कंस व्हायचे, आणि तू पेनड्राइव्हवर फॉन्ट घेऊन प्रेसकडे पळायचास. तेव्हा पोटात कचरा होता तरी चालत होतं. आता पोटात शुद्ध मराठी आहे, तर जुन्या गेमला पचत नाही.

उपायाला पाच मिनिटं लागली. आधी कंट्रोल पॅनेलमधून खात्याचं नाव रोमन केलं, काही झालं नाही, कारण त्याने फक्त पाटी बदलते, फोल्डरचं नाव तेच राहतं. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगांच्या वहीत, शिरून फोल्डर बदलायचा रस्ता आहे म्हणे, पण खात्याची वाट लागली तर कोण निस्तरणार? युनिकोडची जुन्या प्रोग्रॅमांसाठीची एक बीटा, म्हणजे अजून चाचणीतली, टिकही सेटिंगमध्ये आहे. पण ती सगळ्या मशीनला लागू होते, आणि हिचा हिशेबाचा एक जुनाट प्रोग्रॅम या मशीनवर आहे, त्याच्याशी पंगा नको. मी सरळ दुसरं लोकल खातं काढलं, नाव रोमन लिपीत, फक्त खेळायला. त्यात शिरलो, क्लिक केलं. निळं कडं, काळी स्क्रीन, आणि ती काळीच राहिली. एक सेकंद, दोन, तीन. मग रणशिंग.

रात्री दोनपर्यंत खेळलो. पहिल्याच लढाईत हरलो. तू नेहमी गव्हाची शेतं आधी लावायचास आणि मी तटाला दगड जमवायचो, मग माझी माणसं तटाच्या आत उपाशी मरायची. अगदी तसंच झालं. सदाशिव पेठेतल्या खोलीत त्या २५६ एमबीच्या मशीनवर अकरा वाजता मालक मेन स्विच काढायचे आणि आपण अंधारात एकमेकांना विचारायचो, सेव्ह केलं होतंस का? परवाही रात्री लाइट गेली आणि मी रिकाम्या खोलीत मोठ्यांदा तेच विचारलं. केलं नव्हतं.

आई सकाळी पंचांगाचं संकेतस्थळ बघायला मशीन लावते. काल तिला पडद्यावर दोन नावं दिसली, वर श्रीधर, खाली तेच इंग्रजीत. म्हणाली, "हा दुसरा कोण रे?" मी म्हटलं, खेळायला येतो. "मग त्याला सांग, जेवणाच्या वेळी उठत जा."

गणपतीत येतोयस ना? पाच दिवसांचा असतो आमचा, विसर्जनानंतर एक रात्र राहा. दुसरं मशीन भाचा देईल.

तुझा,
श्री

ता. क. तू म्हणालास तुझ्याकडेही तो उघडून लगेच बंद होतो. तूही त्या रात्रीची प्रतिज्ञा पाळली असशीलच. ड्रायव्हर-बिव्हर काही हलवू नकोस. सी ड्राइव्हमध्ये यूजर्स उघड आणि तुझं फोल्डर कुठल्या लिपीत आहे ते बघ. देवनागरीत असेल तर मी मोजून ठेवलंय: व, वेलांटी, श, हलन्त, व, काना, स. विश्वासावर सात प्रश्नचिन्हं, माझ्यापेक्षा एक जास्त.