डायान कार्लसन इव्हान्स यांना एका परिचारिकेचे आभारपत्र

आदरणीय श्रीमती इव्हान्स यांस,
सविनय नमस्कार.

व्हिएतनाम युद्धाशी माझा काहीही संबंध नाही. परंतु तीस वर्षे वॉर्डात काढलेली मी वॉशिंग्टनमधील, त्या युद्धात गेलेल्या स्त्रियांच्या स्मारकाच्या ब्राँझ शिल्पासमोर उभी राहिले, तेव्हाच आपले आभार लेखी मानायचे ठरवले.

वाळूच्या पोत्यांवर बसून जखमी सैनिकाला सावरणारी परिचारिका कुणाच्याही नजरेत भरते. माझी नजर मात्र मागच्या बाजूला गुडघे टेकून बसलेल्या, हातात रिकामे हेल्मेट धरलेल्या स्त्रीवर खिळली. एक रुग्ण दगावल्यानंतर आणि पुढचा आत येण्यापूर्वीची दोन मिनिटे ड्यूटीच्या कोणत्याही नोंदवहीत येत नाहीत. शिल्पकार ग्लेना गुडेकर यांनी ती नेमकी टिपली आहेत.

आपण स्वतः १९६८-६९ मध्ये व्हिएतनाममधल्या अमेरिकी लष्करी रुग्णालयांत परिचारिका होतात. युद्धात मृत्यू पावलेल्यांची नावे कोरलेल्या व्हिएतनाम स्मारकाच्या भिंतीजवळ तीन सैनिकांचा पुतळा उभा राहिला, त्याच १९८४ साली आपण स्त्रियांच्या स्मारकाची मोहीम हाती घेतलीत. पुतळ्यात सगळेच आले, मग बायकांचे वेगळे कशाला, असे विचारले गेले. १९८७ मध्ये ललित कला आयोगाने प्रस्ताव फेटाळला आणि उद्या युद्धातल्या श्वानांसाठीही स्मारक मागतील, असेही आपल्याला ऐकावे लागले. एवढ्यावर कुणीही घरी बसले असते. आपण अमेरिकी संसदेपुढे, म्हणजे काँग्रेसपुढे, साक्षी देत राहिलात आणि ११ नोव्हेंबर १९९३ रोजी स्मारकाचे लोकार्पण झाले.

खरे सांगायचे तर शिल्पापेक्षाही मी ‘सिस्टर सर्च’ या आपल्या शोधमोहिमेसाठी आपली अधिक ऋणी आहे. (आमच्याकडे वॉर्डात प्रत्येक परिचारिकेला ‘सिस्टर’ अशीच हाक मारतात, त्यामुळे हे नाव वाचून हसूही आले.) व्हिएतनाममध्ये गेलेल्या स्त्रिया सुमारे ११,०००, त्यांतल्या बहुतेक परिचारिका, पण हा आकडा अंदाजाचाच, कारण लष्कराने त्यांची वेगळी मोजदाद ठेवली नव्हती. परतल्यावर अनेकींनी आपण युद्धावर होतो हे जवळच्या माणसांनाही सांगितले नव्हते. अशा गप्प राहिलेल्या बायकांचा देशभर शोध घेऊन त्यांना एकमेकींशी जोडून देणे हे काम दगड-धातूच्या कामाहून कठीण असावे.

भिंतीवर नावे असलेल्या आठ परिचारिकांसाठी स्मारकाभोवती यलोवुडची आठ झाडे लावली आहेत. निघण्यापूर्वी मी ती एकेक करून मोजली.

आपली ऋणी,
एक निवृत्त परिचारिका