दोन टप्प्यांचं मत

सोलापूर,
१९ जानेवारी २०२५

चि. मधुरा,
अनेक आशीर्वाद.

शेंगाची चटणी आणि कडक भाकऱ्या डब्यात भरून ठेवल्यात. परवा मामा पुण्याला येतोय, त्याच्याबरोबर पाठवते. सिद्धेश्वरांच्या यात्रेतली नंदीध्वजांची मिरवणूक छान पार पडली. होम मैदानावर गड्ड्याची जत्रा अजून चालू आहे, पण तू नसलीस की तिकडं पाय वळत नाहीत.

लिहायला बसले ते मात्र गेल्या महिन्यातल्या आपल्या फोनमुळं. डॉ. मनमोहन सिंग गेल्याची बातमी आली त्या रात्री तू म्हणालीस, "आई, माणूस फार मोठा, पण दहा वर्षं पंतप्रधान राहूनही लोकांनी त्यांना एकदाही निवडून दिलं नाही. राज्यसभा म्हणजे मागचं दारच की." त्या वेळी वाद घालायचं मन नव्हतं म्हणून मी गप्प बसले. पण तीस वर्षं नागरिकशास्त्र शिकवलेल्या बाईच्या घरातून हे वाक्य यावं, हे मनात सलत राहिलं.

ते १९९९ ला दक्षिण दिल्लीतून लोकसभेला उभे राहिले आणि हरले, हे खरं. पण राज्यसभेवर १९९१ पासून आसामनं त्यांना पाच वेळा पाठवलं. आसामनं म्हणजे कुणी? तिथल्या आमदारांनी. आणि त्या आमदारांना कुणी निवडलं? तिथल्या लोकांनीच ना! मत लोकांचंच होतं, फक्त ते दोन टप्प्यांनी दिल्लीला पोचलं. आपल्याकडं जिल्हा परिषदेचा अध्यक्ष सदस्यच निवडतात, पप्पांच्या पतसंस्थेचा चेअरमन संचालक निवडतात. त्याला कुणी मागचं दार म्हणत नाही.

आणि त्या दारातून कोण कोण आत गेलं ते तरी बघ. १९५२ च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत बाबासाहेब मुंबईत पडले. ज्यांनी घटनेचा मसुदा उभा केला, ते पडले! त्याच वर्षी मुंबई राज्यातून ते राज्यसभेवर गेले आणि ६ डिसेंबर १९५६ ला त्यांचं निधन झालं तेव्हाही तिथले सदस्य होते. ते दार नसतं, तर पहिल्या संसदेत बाबासाहेबांचा आवाजच नसता. मला एवढं एकच उदाहरण पुरतं. पण गावाचा अभिमान म्हणून सांगते, आपले सुशीलकुमार शिंदे २००६ ला केंद्रात वीजमंत्री झाले ते राज्यसभेतूनच. सोलापूरनं त्यांना पुन्हा लोकसभेवर पाठवलं ते नंतर, २००९ ला. त्याआधी २००२ ला ते उपराष्ट्रपतिपदासाठी उभे होते. निवडून आले असते तर सोलापूरच्या कोर्टात पट्टेवाल्याचं काम केलेला माणूस राज्यसभेच्या सभापतींच्या खुर्चीत बसला असता. भैरोसिंह शेखावतांना ४५४ मतं पडली, यांना ३०५.

आता राज्यसभेची ही निवडणूक होते कशी, ते नीट सांगते. कारण तुझा गैरसमज तिथंच आहे, आणि माझाही बरीच वर्षं होता.

डिसेंबर २०२० मध्ये विधान परिषदेच्या पुणे शिक्षक मतदारसंघाची निवडणूक झाली, आठवतं? तोंडाला मास्क लावून मी मत द्यायला गेले होते. हातात ही एवढी लांब मतपत्रिका आणि टेबलावर ठेवलेला जांभळा स्केचपेन. आपलं पेन चालत नाही, फुलीही चालत नाही, नावांपुढं आकडेच घालायचे. मी माझ्या उमेदवारापुढं १ घातला आणि पत्रिका घडी करून पेटीत टाकली. वाटलं, २ कशाला द्यायचा? दिला तर आपल्याच माणसाचं नुकसान व्हायचं. मोजणी पुण्यात दुसऱ्या दिवसापर्यंत चालली. एकेक मागचा उमेदवार बाद होत गेला, त्याच्या पत्रिका दुसऱ्या पसंतीप्रमाणं पुढच्याकडं जात राहिल्या. माझा उमेदवार मध्येच बाद झाला. माझ्या पत्रिकेवर २ नव्हताच, म्हणजे ती बाजूला पडली असणार. शेवटची लढत ज्यांच्यात झाली, त्यांच्यातला कोण बरा याबद्दल माझं ठाम मत होतं. पण ते मी लिहिलंच नव्हतं. त्या रात्री मला खरंच झोप लागली नाही. वर्गात 'पसंतीक्रम' हा शब्द किती वेळा फळ्यावर लिहिला होता मी! दुसरी पसंती पहिलीला धक्का लावत नाही, पहिलीचं काम संपलं की मगच ती उघडते, हे मला त्या दिवशी कळलं.

राज्यसभेचीही रीत हीच. मतदान मुंबईत विधान भवनात होतं, मतदार म्हणजे आपले २८८ आमदार. महाराष्ट्राच्या १९ जागा आहेत. सदस्याची मुदत ६ वर्षं, दर दोन वर्षांनी साधारण तिसरा हिस्सा निवृत्त होतो, म्हणून हे सभागृह कधी बरखास्त होत नाही. समज, ६ जागा आहेत आणि सगळ्या २८८ जणांनी मत दिलं. एका मताची किंमत १०० धरतात, म्हणजे झाले २८,८००. जागांत एक मिळवून ७ नं भागायचं, वर १ मिळवायचा. आले ४,११५. म्हणजे ४२ आमदारांची पहिली पसंती मिळाली की माणूस निवडून आला. आपल्या जिल्ह्याचे आमदार ११, बेचाळीसच्या पावपटीहून जास्त. सगळे एका बाजूला कधीच नसतात, पण वजन किती आहे ते बघ.

१०० ची किंमत कशाला, असं तू विचारशील. १० जून २०२२ चं मतदान घे. ६ जागांना ७ उमेदवार होते आणि मोजायला २८४ मतं आली. कोटा, म्हणजे निवडून यायला लागणारी किंमत, निघाला ४,०५८. पीयूष गोयल आणि अनिल बोंडे यांना प्रत्येकी ४८ मतं पडली, म्हणजे ४,८००. त्यांना हवी होती ४,०५८, वर उरली ७४२. ही उरलेली किंमत वाया घालवत नाहीत. त्या पत्रिकांवर २ ज्याच्या नावापुढं असेल त्याच्याकडं ती वळते. धनंजय महाडिकांना पहिल्या पसंतीची २७ मतं होती आणि संजय पवारांना ३३, पण वळून आलेल्या किमतीवर महाडिक निवडून आले. रात्रभर टीव्हीपुढं बसून पप्पा म्हणत होते, तेहतीसवाला हरतो कसा? मी त्यांना वहीत मांडून दाखवलं. कोण जिंकलं, कोण हरलं हे आपल्या घरात ज्याचं त्यानं बघावं. पण त्या रात्री अंकगणितानं कुणाला फसवलं नाही. ज्यांनी २ चा आकडा विचार करून घातला, त्यांचा उपयोग झाला.

मला टोचतं ते वेगळंच. त्या जूनमध्ये सगळ्याच पक्षांनी आपापले आमदार हॉटेलांत नेऊन ठेवले होते. लाखो लोकांनी विश्वासानं निवडलेला माणूस, त्याला मतदानापर्यंत राखण घालून ठेवावं लागतं! २००३ पासून आमदाराला आपलं मत पेटीत टाकण्याआधी पक्षाच्या प्रतिनिधीला दाखवावं लागतं. पैशाचा बाजार थांबावा म्हणून ही उघड मतदानाची सोय केली, आणि सर्वोच्च न्यायालयानं २००६ ला ती मान्यही केली. कुणी पक्षाविरुद्ध मत दिलं तर पक्षाला कळतं, पण तेवढ्यानं आमदारकी जात नाही. मला तरी गुप्त मतदानापेक्षा हेच बरं वाटतं. आमदाराचं मत हे त्याचं एकट्याचं नव्हे.

त्याच वेळी दुसरा बदल झाला, तो मात्र मला पटलेला नाही. पूर्वी ज्या राज्यातून जायचं, त्या राज्याच्या मतदारयादीत नाव लागायचं. आता देशात कुठंही असलं तरी चालतं. नियम होता तेव्हाही लोक नावापुरता पत्ता दाखवायचे हे मला माहीत आहे. तरी घटनेत या सभागृहाला राज्यांची परिषद म्हटलंय. उजनीचं पाणी किंवा इथल्या यंत्रमागांची अवस्था ज्यानं कधी बघितली नाही, तो महाराष्ट्राच्या जागेवर बसून आपलं काय मांडणार? नियम पाळत नाहीत म्हणून नियमच काढून टाकावा, हे मी शाळेतसुद्धा कधी केलं नाही.

आता तुझ्याबद्दल. रागवू नकोस. २० नोव्हेंबरला विधानसभेचं मतदान होतं. तू हुतात्मा एक्सप्रेसचं तिकीट काढलं होतंस आणि आदल्या दिवशी रद्द केलंस. कामाचा ताण होता, मला कळतं. पप्पांनी केंद्रावर यादीत तुझ्या नावावर बोट ठेवून बघितलं, घरी येऊन काही बोलले नाहीत. तू म्हणालीस, पाच वर्षांचाच तर प्रश्न आहे, पुढच्या वेळी देईन. पण बघ, त्या दिवशी निवडून आलेले आमदार २०२६ ला ७ आणि २०२८ ला ६ जण राज्यसभेवर पाठवतील. २०२८ ला गेलेला माणूस २०३४ पर्यंत तिथं बसेल. त्यात सोलापूरच्या एका आमदाराचं मत असेल आणि त्या आमदारामागं तुझं मत नसेल.

तेव्हा पुण्यातच राहायचं ठरलं असेल तर नमुना ८ भरून नाव तिकडं हलव, ऑनलाइन होतं. इथंच ठेवायचं असेल तर तसं सांग, आणि मग मतदानाला यायचं. मला दोन्ही चालेल. तुझं मतदार ओळखपत्र माझ्या कपाटात पासबुकांच्या खाली आहे. मामा निघायच्या आधी फोन कर, म्हणजे हवं असेल तर चटणीच्या डब्याबरोबरच पाठवते.

तुझी,
आई