आखाड्यांची दप्तरे रद्दीत जाऊ नयेत

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

हिवाळी ऑलिंपिकच्या निमित्ताने आपल्या क्रीडापानावर कर्लिंगविषयी आलेला मजकूर वाचला. सुमारे वीस किलोचा ग्रॅनाइटचा दगड बर्फावरून सोडायचा आणि त्याच्यापुढे झाडू मारत पळायचे, या प्रकाराची त्यात थोडी थट्टा झाली आहे. ती चालायचीच. मात्र या खेळातील जुन्या क्लबांचा इतिहास बडोद्याच्या मराठी वाचकाने अधिक बारकाईने पाहावा असा आहे, म्हणून हे पत्र.

स्कॉटलंडमधील किलसाइथचा क्लब १७१६ पासूनचा मानला जातो. मला मात्र त्याच्या वयापेक्षा एडिंबरोच्या डडिंग्स्टन मंडळाचे काम मोठे वाटते. १७९५ साली तळ्याकाठी स्थापन झालेल्या या मंडळाने १८०४ मध्ये खेळाचे नियम लेखी केले आणि पुढे १८३८ मध्ये सर्व क्लबांची मध्यवर्ती संस्था उभी राहिली, तेव्हा तिच्या नियमावलीला त्यांचाच आधार मिळाला. ही संस्था १८३९ पासून वार्षिक अंक छापू लागली व त्यात गावोगावच्या क्लबांची आणि सभासदांची नावे येत गेली. तळे पुरेसे गोठले तरच होणारा त्यांचा खुला महासामना १९७९ नंतर झालेला नाही; तरीही एखाद्या खेड्यातील क्लबात दीडशे वर्षांपूर्वी कोण खेळत होते, हे आज त्या अंकांतून सांगता येते.

आता आपल्याकडे पाहू. बडोद्याच्या हिंदविजय जिमखान्याने १९२३ साली हुतूतूचे नियम प्रसिद्ध केले आणि त्यांना धरून येथे अखिल भारतीय सामने भरवले. आज दूरचित्रवाणीवर कबड्डी पाहणाऱ्या किती बडोदेकरांना हे ठाऊक असेल? जुम्मादादा व्यायाममंदिराची परंपरा तर त्याहूनही जुनी. एका मुसलमान उस्तादाचा आखाडा त्याचे शिष्य प्रा. माणिकराव यांनी वाढवावा, त्याला गुरूचेच नाव राहू द्यावे आणि तेथून लाठी, मल्लखांब व सांघिक कवायतीचे शिक्षण दूरवर पोहोचावे, ही गोष्ट कोणत्याही स्कॉटिश क्लबाच्या तोडीची आहे. व्यायाम ज्ञानकोशाचे दहा खंड मराठीत निघाले तेही याच शहरातून. म्हणजे लिहून ठेवण्याची सवय आपल्याला नव्हती असे मुळीच नाही. लिहिलेले सांभाळण्यात मात्र आपण कमी पडलो.

आमच्या भागातील एका जुन्या आखाड्याची खर्चाची वही मध्यंतरी पाहण्यात आली. कडा वाळवीने खाल्लेल्या. पानांवर तेल, हळद, ताक अशा हौद्यातील मातीसाठी आणलेल्या जिनसांची नोंद, आणि समासात वर्गणी थकलेल्यांची नावे, त्यांपैकी दोघांपुढे ‘माफ’ असा शेरा. कोणाला का माफ केली, हे तेथे लिहिलेले नाही. पण आखाडा कोणाच्या जिवावर चालत होता, हे त्या चार ओळींतून जितके कळते तितके कोणत्याही स्मरणिकेतील गौरवपर लेखातून कळत नाही. अशाच आणखी वह्या खोली रंगवताना रद्दीत गेल्याचे तेथेच ऐकले. नव्या पदाधिकाऱ्यांना मराठी, त्यातून मोडी, वाचता येत नाही, हे कारण खरे असले तरी पुरेसे नाही. वाचणारी माणसे या शहरात अजून आहेत.

ज्या बडोद्यात सयाजीरावांनी १९१० पासून गावोगावी ग्रंथालये काढली, तेथे या कामासाठी नवी इमारत किंवा मोठा निधी लागू नये. जुन्या व्यायामसंस्थांची इतिवृत्ते, वर्गणीवह्या, सामन्यांची हस्तपत्रके आणि छायाचित्रे एखाद्या ग्रंथालयाने महिनाभरासाठी मागून घ्यावीत, त्यांच्या प्रती काढून मूळ कागद ज्याचे त्याला परत द्यावेत आणि मराठी व गुजराती अशा दोन्ही भाषांत त्यांची सूची करावी. मूळ कागद हातचे जाणार नाहीत अशी खात्री असेल, तर संस्था नाही म्हणणार नाहीत. छायाचित्रांतील पहिलवानांची नावे सांगू शकणारी पिढी आता ऐंशीच्या पुढे आहे, त्यामुळे सुरुवात छायाचित्रांपासून व्हावी. आपण आपल्या पत्रातून तसे आवाहन केल्यास ते घरोघरी पोहोचेल. ते येत्या पावसाळ्यापूर्वी करावे, ही विनंती.

आपला,
एक वाचक, बडोदे