मिश्र पिशव्यांसाठी पुस्तके हवीत : वाचनालयाचे आवाहन

सप्रेम नमस्कार.

दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरची पुस्तके खाली उतरतील. ती रद्दीवाल्याच्या काट्यावर चढण्याआधी हे आवाहन वाचावे, एवढी विनंती.

डिसेंबरपासून वाचनालय तालुक्यातल्या वाड्यांवर 40 मिश्र पिशव्या पाठवणार आहे. एका पिशवीत सहा पुस्तके : एक कादंबरी, एक कथासंग्रह, एक चरित्र किंवा आत्मकथन, एक शेती, निसर्ग वा विज्ञानाचे, एक प्रवासाचे किंवा इतिहासाचे, आणि एक मुलांचे. पिशवी महिनाभर एका घरी राहील, शेजारपाजारच्यांनी तिथूनच पुस्तके न्यायची आणि महिना संपला की ती पुढच्या वाडीला जाईल. अनामत नाही, वर्गणी नाही.

हा खटाटोप कशासाठी? आपल्याकडच्या कित्येक वाचनालयांत कपाटे बंद असतात. सभासद काउंटरवर येतो आणि पुस्तक बदलून मागतो. मागतो ते नाव ठाऊक असलेलेच. त्यामुळे त्याच आठ-दहा लेखकांच्या कादंबऱ्या शिवण सुटेपर्यंत फिरतात आणि पलीकडच्या कपाटातले कीटकांवरचे उत्तम पुस्तक दाखल झाल्यापासून एकदाही बाहेर पडलेले नसते. वर्गीकरणाचाही इथे उपयोग नाही. पुस्तकांना विषयवार आकडे देणाऱ्या दशांश पद्धतीत मराठी कादंबरी 891.463 वर, शेती 630 वर, म्हणजे खोलीच्या दोन टोकांना. आनंद यादवांच्या ‘गोतावळा’त मळ्यावर ट्रॅक्टर येतो आणि गड्याचे, त्याच्या जनावरांचे जग उसवत जाते. ती कादंबरी संपवणाऱ्याच्या हाताशी वीणा गवाणकरांचे ‘एक होता कार्व्हर’ असले, तर भुईमुगाची आणि कस गेलेल्या जमिनीची ती खरी हकिकत तो आपणहून उघडतो. यादीत शोधून मात्र कधी मागणार नाही.

पिशवी भरतानाही काही पथ्ये आहेत. सहांपैकी दोन पुस्तकांत एखादा समान धागा हवा, बाकी चार मोकळी. सगळीच एका विषयाची घातली, तर विषय नावडणाऱ्याला पहिल्याच दिवशी पिशवी मिटावी लागते. एक तरी पुस्तक 120 पानांच्या आतले हवे, कारण वाचनाची सवय सुटलेला माणूस जाडी बघूनच हात मागे घेतो. वजन दोन किलोच्या आत, म्हणजे बचत गटाच्या ताई इतर सामानाबरोबर ती सहज नेतील. नेहमीच्या कादंबरीच्या, म्हणजे डेमी आकाराचे दोनशे पानी पुस्तक साधारण पाव किलोचे, त्यामुळे हिशेब बसतो. पुठ्ठाबांधणीचे सहाशे पानी ठोकळे बसत नाहीत.

कथा-कादंबऱ्या आमच्या कपाटांतून निघतील, त्या 80 प्रतींची चिंता नाही. उरलेल्या 160 पैकी 80 नवी विकत घेऊ. राहिलेली 80 तुमच्याकडून हवीत. कादंबऱ्या नकोत असे लिहायला जीव धजत नाही, पण ‘मृत्युंजय’ आणि ‘ययाति’च्या प्रती आमच्याकडे पुरून उरतील इतक्या आहेत. पक्षी, झाडे, समुद्र, आकाश, आहार, पाणी, लोककला, कारागिरी, शोधांच्या हकिकती, प्रवासवर्णने, कमी गाजलेल्या माणसांची चरित्रे, मुलांसाठीची माहितीपर पुस्तके हवी आहेत. जुनी गाइडे, स्पर्धा परीक्षांच्या गेल्या आवृत्त्या, संगणकाची दहा वर्षांपूर्वीची आणि औषधोपचाराची जुनी पुस्तके पाठवू नयेत. औषधांचे डोस बदलतात, आणि छापलेले म्हणून वाडीवर त्यावर विश्वास ठेवला जातो. दिवाळी अंक चालतील, पण फक्त कथा आणि लेख दोन्ही असलेले.

देण्याआधी पाच मिनिटे तपासणी करावी. पांढऱ्या कागदावर पुस्तक उभे धरून पुठ्ठ्यावर दोन-चार टिचक्या माराव्यात. बारीक भुसा पडला तर आत किडा आहे. ते पुस्तक वेगळ्या प्लॅस्टिक पिशवीत बांधून तसे लिहून द्यावे, इतरांत मिसळू नये. एका किडक्या पुस्तकापायी अख्खे कपाट झाडावे लागते. शेवटच्या पानाचा कोपरा दोनदा दुमडून उलगडावा. तुटून हातात आला तर कागद ठिसूळ झाला आहे, फिरतीत टिकणार नाही. भिजून चिकटलेली गुळगुळीत कागदाची रंगीत पाने सुटत नाहीत, तो प्रयत्न सोडावा. कुबट वास येत असेल तर पुस्तक सावलीत, वाऱ्यावर उघडे ठेवावे. कडक उन्हात ठेवले तर शाई फिकी पडते, पुठ्ठे वाकतात.

आणि कृपा करून सेलोटेप लावू नका! तिचा गोंद पिवळा होऊन कागदात उतरतो आणि ओढली की अक्षरे घेऊनच निघते. सुटलेली पाने तशीच द्या. गव्हाच्या खळीत चिमूटभर मोरचूद घालून कापडी पट्टीने शिवण बांधायचे काम आमच्याकडे होते. मोरचूद विषारी आहे, घरी मुलांच्या हाताशी तो प्रयोग नको.

प्रत्येक पुस्तकात पुठ्ठ्याची एक चिठ्ठी असेल. वाचणाऱ्याने ‘इथवर आलो’ एवढाच पानाचा आकडा त्यावर लिहायचा, अभिप्राय नको. पाच जण पान 30 च्या आसपास थांबले, तर ते पुस्तक त्या पिशवीतून काढून दुसरे घालायचे. तुम्हीही देताना पहिल्या पानावर पेन्सिलीने एक आकडा लिहा : पुस्तक कुठून पकड घेते ते पान. माहितीपर पुस्तकांत सुरुवातीची लांबलचक मनोगते ओलांडायला त्याचा फार उपयोग होतो.

पैशांचे असे : कॅनव्हासची पिशवी शिवून 220 रुपये, दोन नव्या पुस्तकांचे सुमारे 600, कव्हरे, चिठ्ठ्या आणि पावसाळ्यासाठी प्लॅस्टिकचे अस्तर 80. एका पिशवीला 900, चाळीस पिशव्यांना 36,000 रुपये. पूर्ण पिशवी द्यावी असे नाही, एका नव्या पुस्तकाचे 300 रुपयेही चालतील. देणगीवरची प्राप्तिकराची सवलत हवी असल्यास चेकने किंवा ऑनलाइन द्यावेत आणि पॅन कळवावा. 2,000 रुपयांवरील रोख देणगीला ती मिळत नाही. पावती घेतल्याशिवाय जाऊ नये.

अस्तर फक्त वाटेपुरते, हे पिशवी ठेवून घेणाऱ्या घरांनी ध्यानात ठेवावे. पोचल्यावर ते काढायचे, नाहीतर कोकणातला दमटपणा आत कोंडून आठवड्याभरात पुठ्ठ्यांवर बुरशी धरते. पिशवी भिंतीला टेकवून ठेवू नये, खुंटीला अडकवावी.

पुस्तके खोक्यात आडवी रचून आणावीत, पोत्यात कोपरे मुडपतात. खोके दहा किलोच्या आत ठेवावे, सुतळीखाली पुठ्ठ्याचा तुकडा घालावा. 30 नोव्हेंबरपर्यंत वाचनालयाच्या वेळेत स्वीकारू. वीसहून अधिक पुस्तके असतील तर निरोप द्यावा, कार्यकर्ते घरी येऊन नेतील. पिशव्यांत न बसणारी पुस्तके तुम्हाला विचारून शाळांना देऊ किंवा परत करू.

आपले,
कार्यकारी मंडळ व ग्रंथपाल