मिशेल क्वानचा दाखला देतेस म्हणून

प्रिय सई,

तुझी ईमेल बाबांनी आणि मी वाचली. स्केटिंगचा कॅम्प संपला की कोलोरॅडो स्प्रिंग्जलाच राहायचं, हायस्कूलची उरलेली वर्षं ऑनलाइन उरकायची आणि दिवसभर बर्फावर. ऑनलाइन शाळेकडे चौकशी तू आम्हाला विचारायच्या आधीच करून ठेवलीस, हेही कळलं. फोनवर आपलं भांडण होतं आणि भांडताना माझं इंग्रजी पळून जातं, म्हणून मराठीत लिहितेय. कुठे अडलीस तर आजीला फोन कर, तिला निमित्तच हवं असतं.

'मिशेल क्वानसुद्धा घरीच शिकली' हे तुझं हुकमाचं पान, कारण ती अमेरिकेची एवढी गाजलेली फिगर स्केटर. खरं आहे, आठवीत असताना तिने नेहमीची शाळा सोडली. पण त्याच वर्षी, १९९४ च्या जानेवारीत, तेरा वर्षांची ती पोर नॅशनल्सला, म्हणजे राष्ट्रीय स्पर्धेत, दुसरी आली होती आणि ऑलिंपिकसाठी राखीव म्हणून निवडली गेली होती. त्या पातळीवर पोचलेल्या पोरीची शाळा सुटली होती. तू सोळाची आहेस, नॅशनल्सच्या आधीच्या सेक्शनल्स स्पर्धेपुढे अजून गेलेली नाहीस आणि तुझा डबल अ‍ॅक्सेल, ती अडीच गिरक्यांची उडी, अजून लहरीवर चालतो. राग येऊ दे, पण हे तुला माझ्याइतकं स्पष्ट कोणी सांगणार नाही. कोच तर नाहीच, तिची फी आपण भरतो.

चोरून परस्पर करण्यात मात्र तू थेट मिशेलच्या वळणावर गेलीस. १९९२ मध्ये तिचे कोच फ्रँक कॅरल बाहेरगावी गेलेले असताना तिने गुपचूप सीनियर गटात खेळण्यासाठीची टेस्ट देऊन टाकली. ते परत येऊन भयंकर संतापले. पण ती पास झाली होती, आता करता काय!

तू तिला यूट्यूबवर पाहिलंस. मी पाहिलं ते १९९८ च्या फेब्रुवारीत. नुकती लग्न होऊन आलेली, एच-फोर व्हिसावर, म्हणजे नवऱ्याच्या नोकरीवर आलेल्या बायकोच्या, नोकरीची परवानगी नाही, बाबा रात्री उशिरा यायचे. स्केटिंगमधलं मला ओ की ठो कळत नव्हतं. जपानमधल्या नागानोच्या ऑलिंपिकमध्ये शेवटच्या गटात ती पहिली उतरली. एक चूक नाही. प्रेझेंटेशनला, म्हणजे सादरीकरणाला, नऊच्या नऊ परीक्षकांचे सहापैकी ५.९. मग पंधरा वर्षांची टारा लिपिन्स्की आली, ट्रिपल लूपला, म्हणजे तीन गिरक्यांच्या उडीला, लगेच दुसरा ट्रिपल लूप जोडून मोकळी झाली, आणि सहा विरुद्ध तीन परीक्षकांच्या मताने सोनं घेऊन गेली. मिशेलवर अन्याय झाला असं म्हणणारे आजही भेटतात. मला तसं वाटत नाही. मिशेल जपून खेळली, टारा उधळून खेळली, आणि कॉम्बिनेशनही टाराचंच अवघड होतं. मला मिशेलचंच बघायला जास्त आवडतं, ती गोष्ट वेगळी.

त्या रात्री एका बातम्यांच्या संकेतस्थळाने मथळा दिला, 'अमेरिकन मुलीने क्वानला हरवलं' अशा अर्थाचा. मिशेलचा जन्म कॅलिफोर्नियातल्या टॉरन्सचा! आईवडील हाँगकाँगहून आलेले, एवढाच काय तो गुन्हा. मग माफी मागितली गेली. आणि चार वर्षांनी एका वर्तमानपत्राने पुन्हा तीच चूक केली. तुझ्या नावाचा उच्चार रिंकवरचा अनाउन्सर दरवेळी नवा करतो तेव्हा तू हसतेस, मला ते मथळे आठवतात.

सॉल्ट लेकच्या ऑलिंपिकला, २००२ मध्ये, शॉर्ट प्रोग्रॅमनंतर, म्हणजे पहिल्या छोट्या फेरीनंतर, मिशेल पहिली होती. फ्रँक कॅरलना काही महिन्यांपूर्वीच सोडलेलं, कोच कोणी नाही. लाँग प्रोग्रॅममध्ये, त्या मोठ्या फेरीत, ट्रिपल फ्लिप या उडीवर पडली. चौथ्या नंबरवरून सारा ह्यूज पहिली, इरिना स्लुत्स्काया दुसरी, मिशेल तिसरी. २००६ ला तुरीनच्या ऑलिंपिकला सरावातच दुखापत झाली, तिने माघार घेतली आणि तिच्या जागी आली साराची धाकटी बहीण एमिली. पाच वेळा जगज्जेती, नऊ वेळा राष्ट्रीय विजेती आणि ऑलिंपिकचं सोनं एकही नाही.

पण माझं लक्ष कायम तिच्या घरच्यांकडे जातं. वडील डॅनी टेलिफोन कंपनीत, आई एस्टेला रेस्टॉरंटमध्ये. दोन मुलींच्या स्केटिंगपायी त्यांनी घर विकलं. मुली लेक अ‍ॅरोहेडच्या डोंगरात सराव करायच्या, वडील त्यांच्यासोबत राहून कामासाठी लांबचा रस्ता तुडवत खाली यायचे. दोन मुली म्हटलं मी. थोरली कॅरन. तेच घर विकलेलं, तोच बर्फ, तीच पहाट. तीही नॅशनल्स खेळली. तुझ्या कॅम्पमधल्या मैत्रिणींना विचार, किती जणींना तिचं नाव ठाऊक आहे. कॅरन बॉस्टनला कॉलेजला गेली आणि त्यात काही वाईट झालं नाही. सई, तुझा बेत मिशेलचा आहे. मला दोघींचा हिशोब मांडावा लागतो. आणि आम्ही घर विकणार नाही, हे आत्ताच सांगून ठेवते. तू मागितलेलं नाहीस, पण तुझ्या ईमेलमधल्या खर्चाची बेरीज तिकडेच जाते.

पुढचं तू वाचलंच नसशील, कारण त्याचे व्हिडिओ कोणी बघत नाही. नागानोनंतर मिशेलने लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठात नाव घातलं होतं, आणि २००० ची जागतिक स्पर्धा ती कॉलेजात असतानाच जिंकली. पुढे शिक्षण मागे पडलं. तुरीननंतर खुब्याचं ऑपरेशन झालं, मग डेन्व्हर विद्यापीठात जाऊन तिने २००९ मध्ये पदवी घेतली, टफ्ट्स विद्यापीठातून मास्टर्स केलं आणि २०२२ मध्ये मध्य अमेरिकेतल्या बेलीझला अमेरिकेची राजदूत म्हणून गेली. पंचविशीत बर्फावरचं सगळं संपलं होतं. तिथून पुन्हा वर्गात जाऊन बसायला जिगर लागते.

तर आमचं म्हणणं असं. बारावी इथेच, खऱ्या शाळेत. सकाळचा आईस टाईम, म्हणजे बर्फावरचा सराव, सोडायचा नाही, गाडी मी चालवेन. पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा कोलोरॅडो. बारावीनंतर एक पूर्ण वर्ष फक्त स्केटिंगला हवं असेल तर ते आमच्याकडून, कॉलेजचा प्रवेश पुढे ढकलून. तोवर ट्रिपल उड्या बसल्या तर उत्तम. नाही बसल्या तरी ते वर्ष तुझंच, परत मागणार नाही. यात घासाघीस करायची असेल तर कर, मला चालेल, फक्त परस्पर फॉर्म भरू नकोस.

बूट चावतायत म्हणालीस. नवे घ्यायच्या आधी फिटिंगवाल्याकडून पंच करून, म्हणजे चावतात तिथे ताणून, मिळतात का बघ, आणि ब्लेड जुनंच चालेल का तेही विचार. रविवारी फोन कर. भांडायचंच असेल तर आधी बाबांशी भांड, ते लवकर हरतात.

तुझी,
आई